जिनांशी : नावातला अंश आणि अर्थाची पुंजी

मुलीच्या जन्माची वार्ता पेढ्यांच्या पुड्याबरोबर पेढीवर पोहोचते आणि दोनच दिवसांत घरात एक विषय उरतो : नाव काय ठेवायचे? आजीच्या मनात तीर्थंकरांच्या मातेचे नाव असते. आजोबा पत्रिकेतले अक्षर विचारतात. आई-वडिलांना लहानसे, गोड, शाळेत आणि परदेशातही सहज उच्चारता येईल असे काही हवे असते. मराठी घरात आत्या आणि गुजराती घरात फई आपल्या हक्काची यादी घेऊनच येते. पाळण्याची दोरी हाती येईपर्यंत ही चर्चा मिटत नाही. अशा चर्चांमधून अलीकडे जैन घरांत रुळू लागलेले एक नाव म्हणजे ‘जिनांशी’.

नाव ऐकताक्षणी आवडते. ‘जिन’ हा शब्द तर आपल्या धर्माचा प्राण. ‘अंशी’ हा शेवट आजच्या कानांना परिचित. दिव्यांशी, प्रियांशी, देवांशी अशा अनेक मैत्रिणी या नावाला वर्गातच भेटतात. जुने आणि नवे यांची अशी जोड जुळली की तरुण आई-वडील निश्चिंत होतात. तरीही घरातील एखादे जाणते माणूस शांतपणे विचारते, “याचा अर्थ काय? आणि तो आपल्या सिद्धांतात बसतो का?” हा प्रश्न टाळण्यासारखा नाही, कारण त्याच्या उत्तरात या नावाचे खरे सौंदर्य दडलेले आहे.

जोडनावांचे दोन प्रकार

आज प्रचलित असलेली जोडनावे स्थूलमानाने दोन प्रकारची असतात. पहिल्या प्रकारात आई-वडिलांच्या नावांतील अक्षरे एकत्र गुंफली जातात. चित्रपटनिर्माते आदित्य चोप्रा आणि अभिनेत्री राणी मुखर्जी यांनी २०१५ साली जन्मलेल्या आपल्या कन्येचे नाव ‘अदिरा’ ठेवले, ते याच पद्धतीचे. ‘आदित्य’ आणि ‘राणी’ या दोन्ही नावांचा ध्वनी त्यात मिसळला आहे. हिब्रू भाषेत त्याच उच्चाराच्या शब्दाचा अर्थ ‘सामर्थ्यवती’ असा आहे. अशा नावांत भावनेचा गोडवा मोठा असतो. मुलीच्या नावात वडिलांबरोबर आईचाही वाटा असावा, ही त्यामागची इच्छा निश्चितच स्वागतार्ह आहे. मात्र अक्षरे जुळली म्हणजे अर्थ जन्माला येतोच असे नाही. मग तो कोणत्या तरी यादीतून शोधून चिकटवला जातो, आणि ‘देवाची भेट’ किंवा ‘राजकन्या’ अशा ठरावीक अर्थांची चिठ्ठी कोणत्याही नावावर लागते.

दुसऱ्या प्रकारात दोन अर्थपूर्ण शब्द एकत्र येतात. ही पद्धत भारतीय भाषांना नवी नाही; संस्कृतातील समास आणि संधी म्हणजे शब्दांच्या विवाहाचे नियमच होत. या नियमांची माहिती असली की नावाची पारख सोपी होते. उदाहरणार्थ, ‘जिनिशा’ हे नाव ‘जिन’ आणि ‘ईशा’ यांपासून झाले असे सांगितले जाते. परंतु या दोन शब्दांचा संधी केला, तर अ आणि ई मिळून ए होतो आणि शुद्ध रूप ‘जिनेशा’ असे होते. ‘जिनिशा’ जसेच्या तसे वाचले तर त्यात ‘निशा’ म्हणजे रात्र ऐकू येते. जिग्नेश आणि निशा या दांपत्याने ते नाव आपल्या मुलीला दिले, तर ती त्यांची प्रेमळ अक्षरजुळणी ठरेल. पण त्याचा अर्थ ‘जिनेश्वरांशी संबंधित’ असा सांगणे योग्य होणार नाही.

‘जिनांशी’ची घडण

‘जिनांशी’ या नावाचा पूर्वार्ध कसोटीवर खरा उतरतो. ‘जि’ म्हणजे जिंकणे या धातूपासून ‘जिन’ शब्द झाला. जो जिंकतो तो जिन. कोणाला जिंकतो? शत्रूला किंवा राज्याला नव्हे, तर राग-द्वेषादी अंतरंगातील विकारांना. ‘जिन’ आणि ‘अंश’ यांचा सवर्णदीर्घ संधी होऊन ‘जिनांश’ हे रूप निर्दोषपणे सिद्ध होते.

शेवटची ‘ई’ मात्र थोडी चर्चा मागते. संस्कृत व्याकरणाचा कठोर अभ्यासक म्हणेल की येथे ‘जिनांशा’ किंवा ‘जिनांशिनी’ असे स्त्रीलिंगी रूप हवे. तो चूक नाही. परंतु मराठी, गुजराती आणि राजस्थानी या आपल्या बोलीभाषांत ‘ई’ हा स्त्रीत्वाचा अगदी स्वाभाविक प्रत्यय आहे. मुलगा-मुलगी, छोकरो-छोकरी, छोरो-छोरी ही त्याची रोजची उदाहरणे. म्हणजे या नावात संस्कृतचे मूळ आणि घरातल्या बोलीचा शेवट असे मिश्रण झाले आहे. जोडनाव हा शब्द त्याला अशा दुहेरी अर्थाने शोभतो.

‘अंशी’ या शेवटामागे आणखी एक शब्द डोकावतो : ‘अंशु’ म्हणजे किरण. ‘हिमांशु’ म्हणजे ज्याचे किरण शीतल आहेत तो चंद्र. त्यावरूनच ‘हिमांशी’ हे नाव आले. त्यामुळे कोणी ‘जिनांशी’चा अर्थ ‘जिनेश्वरांच्या ज्ञानाचा किरण’ असा घेतला, तर भावार्थाने तो सुंदरच आहे. मात्र सरळ वाचनात प्रथम ‘अंश’ हाच शब्द ओळखू येतो आणि जाणत्यांची शंकाही तेथेच उभी राहते.

‘अंश’ म्हणजे काय?

वैदिक परंपरेत ‘देवाचा अंश’ ही कल्पना परिचित आहे. ईश्वराचा अंश पृथ्वीवर अवतरतो, असे तेथे मानले जाते. जैन दर्शनाची भूमिका वेगळी आहे. प्रत्येक आत्मा स्वतंत्र आहे. कोणताही जीव दुसऱ्या जीवाचा तुकडा नाही. जिनेश्वर सृष्टी निर्माण करीत नाहीत, अवतार घेत नाहीत आणि सिद्ध झालेला आत्मा पुन्हा संसारात येत नाही. या दृष्टीने ‘जिनांशी’ म्हणजे ‘जिनेश्वरांचा अंश घेऊन जन्मलेली’ असा अर्थ सांगितला, तर तो सिद्धांताला धरून होणार नाही. आजोबांची शंका म्हणूनच मोलाची आहे.

परंतु ‘अंश’ या शब्दाला जैन विचारात स्वतःचे, अत्यंत सन्मानाचे स्थान आहे. आचार्य वीरसेनांच्या धवला टीकेत जिनांचे दोन प्रकार सांगितले आहेत : सकलजिन आणि देशजिन. अरिहंत व सिद्ध हे सकलजिन. ज्यांनी पूर्ण विजय मिळवला ते. आचार्य, उपाध्याय आणि साधू हे देशजिन. म्हणजे ज्यांनी विकारांवर अंशतः विजय मिळवला आहे ते. येथे ‘देश’ या शब्दाचा अर्थ प्रांत नव्हे, तर ‘एक भाग’ असा आहे. विजय अंशाअंशाने मिळत जातो आणि त्या प्रत्येक अंशालाही शास्त्राने मान दिला आहे.

गृहस्थाच्या जीवनाला तर हा विचार अधिकच जवळचा आहे. साधू-साध्वींची महाव्रते संपूर्ण असतात. श्रावक-श्राविकांची अणुव्रते मर्यादित. म्हणूनच व्रती श्रावकाला ‘देशविरत’, म्हणजे अंशतः विरक्त, असे म्हणतात. चौदा गुणस्थानांतील पाचवे स्थान त्याचे आहे. दुकान सांभाळणारा, उधारी वसूल करणारा, मुलांचे शिक्षण पाहणारा माणूस एका दिवसात सर्वसंगपरित्याग करू शकत नाही. पण तो मापात फसवणूक न करण्याचा नियम घेऊ शकतो, परिग्रहाला मर्यादा घालू शकतो, रात्रिभोजन सोडू शकतो. ही सगळी अंशाची साधना आहे. या प्रकाशात पाहिले की ‘जिनांशी’ म्हणजे ‘जिनेश्वरांचा अवतारांश’ राहत नाही. ‘जिनत्वाचा मार्ग अंशतः आचरणारी’ असा तिचा अर्थ होतो. श्रावककुळात जन्मलेल्या कन्येसाठी याहून समर्पक नाव क्वचितच सापडेल.

नाव घ्यावे की न घ्यावे?

दुसरी एक शंका भक्तीतून येते. ज्या शब्दाने आपण परमात्म्याला वंदन करतो, तो शब्द मुलीच्या नावात आला, तर तिला रागावताना, हाक मारताना, टोपणनावाने तोडताना त्याची आशातना तर होणार नाही?

या शंकेचे उत्तर परंपरेनेच देऊन ठेवले आहे. राष्ट्रकूट काळात, नवव्या शतकात, आचार्य जिनसेनांनी रचलेल्या आदिपुराणात गर्भान्वयाच्या ५३ क्रिया सांगितल्या आहेत. त्यांतील एक क्रिया म्हणजे ‘नामकर्म’, अर्थात नाव ठेवण्याचा संस्कार. जन्मानंतर बारा दिवस झाल्यावर तो करावा, असे तेथे म्हटले आहे. आपल्या बारशाशी त्याचे नाते सहज लक्षात येते. नाव निवडण्याची एक रीतही तेथे दिली आहे. जिनेश्वरांच्या १००८ नामांच्या चिठ्ठ्या घटात ठेवाव्यात आणि त्यांतून एक शुभ नाव घ्यावे. म्हणजे परमात्म्याच्या नामाने अपत्याला हाक मारणे हे परंपरेने निषिद्ध तर मानले नाहीच, उलट त्याला विधीचे रूप दिले. शंकेतला विवेक मात्र जपावा. नाव तोडून-मोडून हाक मारू नये आणि रागाच्या शब्दांशी ते जोडू नये. एवढे पथ्य पाळले, तर मुलीचे नाव घेता घेता घरात दिवसातून अनेकदा ‘जिन’ हा शब्द उच्चारला जाईल. तेही एक स्मरणच.

राशीच्या अक्षराचा प्रश्नही बहुतेक घरांत येतो. सत्तावीस नक्षत्रांच्या प्रत्येकी चार चरणांना एकेक अक्षर नेमलेले असते. एकूण चरण १०८. पंचपरमेष्ठींचे गुणही १०८ आणि जपमाळेचे मणीही १०८, हा योग जैन मनाला सुखावतो. पंचांगाप्रमाणे ‘जी’ हे अक्षर उत्तराषाढा नक्षत्राच्या चौथ्या चरणाचे, म्हणजे मकर राशीचे आहे. ज्या कन्येचे अक्षर वेगळे येते, तिचे राशीनाव पत्रिकेपुरते ठेवून व्यवहारात निराळे नाव देण्याची रीत आपल्याकडे जुनीच आहे.

नाव कागदावर उतरताना

नावाचा अर्थ ठरला की ते कागदावर कसे लिहायचे, हा व्यवहाराचा भाग येतो. व्यापारी घराला त्याचे महत्त्व वेगळे सांगायला नको. एका अक्षराच्या फरकाने धनादेश परत येतो, हे तेथे लहान मुलालाही ठाऊक असते.

‘जिन’ हा तत्सम शब्द असल्याने त्यातील ‘जि’ ऱ्हस्व आहे. तो दीर्घ केला, तर ‘जीन’ म्हणजे घोड्याचे खोगीर होते. इंग्रजी लिपीत ‘जे’नंतर एक ‘आय’ लिहिला, तर उच्चार ऱ्हस्व राहतो. दोन ‘ई’ लिहिले, तर तो लांबतो. अंकशास्त्राच्या सल्ल्याने एखादे जादा अक्षर घालण्यापूर्वी ही गोष्ट ध्यानात घ्यावी. शिवाय भाग्याच्या आशेने अक्षरे वाढवताना आपला कर्मसिद्धांतही आठवावा. आठ कर्मांपैकी एकाचे नावच ‘नामकर्म’ आहे. बारशाच्या संस्काराशी त्याचा केवळ शब्दापुरता संबंध. शरीर, स्वर, सौभाग्य यांबरोबरच यश-कीर्ती लाभणे आणि आपला शब्द लोकांनी मानणे, या गोष्टी या कर्माच्या ‘यशःकीर्ती’ आणि ‘आदेय’ या प्रकृतींमुळे घडतात, असे शास्त्र सांगते. त्या शुभ प्रकृतींचा बंध सरळ आणि निष्कपट आचरणाने होतो, लेखनात एक अक्षर वाढवल्याने नाही.

कायद्याच्या बाजूनेही थोडी दक्षता हवी. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९ नुसार जन्माची नोंद २१ दिवसांत व्हावी लागते. नाव ठरले नसेल, तर नावाशिवायही नोंद होते. त्यानंतर १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क आणि पुढे १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून नाव घालता येते. त्यामुळे घाईने अर्धवट विचारलेले नाव देण्याचे कारण नाही. मात्र २०२३ च्या दुरुस्तीनंतर, १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांसाठी, शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत जन्मदाखला हाच आधारभूत पुरावा झाला आहे. म्हणून पहिल्याच दाखल्यावर मराठी आणि इंग्रजी, दोन्ही लेखन काळजीपूर्वक तपासून घ्यावे.

लेकीचे नाव, लेकीची पुंजी

एके काळी महाराष्ट्रातील अनेक घरांत लग्नाच्या दिवशी तांदळाच्या ताटात अंगठीने वधूचे नवे नाव लिहिले जाई आणि माहेरचे नाव आई-वडिलांच्या ओठांपुरते उरे. पेढीच्या पाटीवर वडील आणि मुलगे झळकत. लेकीचे नाव क्वचितच दिसे. आज चित्र पालटते आहे. मुली स्वतःच्या नावाने पदव्या घेतात, व्यवसाय उभारतात, करविवरण भरतात आणि विवाहानंतरही जन्मनाव कायम ठेवतात. बारशाला ठेवलेले नाव आता तिला आयुष्यभर पुरवायचे आहे. अर्थाची निवड म्हणूनच पूर्वीपेक्षा अधिक जबाबदारीची झाली आहे.

खरे तर जैन परंपरेने कन्यांच्या नावाला आरंभापासून मोठा मान दिला आहे. भगवान ऋषभदेवांनी आपल्या दोन कन्यांपैकी ब्राह्मीला लिपी आणि सुंदरीला अंकविद्या शिकवली, असे परंपरा सांगते. ज्या लिपीत आणि अंकांत आपल्या वहीखात्यांचा व्यवहार चालतो, त्या विद्यांच्या पहिल्या विद्यार्थिनी या दोन मुली होत्या. भगवान महावीरांच्या ३६,००० साध्वींच्या संघाचे नेतृत्व आर्या चंदनांनी केले. कुणी आपल्या मुलीला ब्राह्मी, चंदना किंवा त्रिशला अशी जुनी नावे द्यावीत. कुणी ‘जिनांशी’सारखे नवे घडवावे. प्राचीन असो वा अर्वाचीन, नावामागे सांगण्यासारखी सत्य गोष्ट असावी, एवढेच महत्त्वाचे.

नामापासून भावापर्यंत

मराठीत ‘नाव ठेवणे’ म्हणजे नामकरण करणे आणि ‘नावे ठेवणे’ म्हणजे दोष काढणे. एका मात्रेचे हे अंतर मोठे बोलके आहे. ‘नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा’ ही म्हणही तोच इशारा देते की नाव आणि वास्तव यांची फारकत लोकांच्या नजरेतून सुटत नाही.

हीच गोष्ट जैन आचार्यांनी शास्त्राच्या भाषेत मांडली. तत्त्वार्थसूत्राच्या पहिल्या अध्यायात चार निक्षेप आले आहेत : नाम, स्थापना, द्रव्य आणि भाव. एखाद्या मुलाचे नाव ‘राजा’ ठेवले, तो नाम-राजा. राजाचे चित्र म्हणजे स्थापना-राजा. पुढे गादीवर बसणारा राजपुत्र हा द्रव्य-राजा. आणि प्रत्यक्ष राज्य करीत असलेला तो भाव-राजा. नाम ही केवळ पहिली पायरी. गुण नसतानाही ते देता येते. भाव मात्र जगूनच मिळवावा लागतो.

भगवान महावीरांचे चरित्र याचे सर्वोच्च उदाहरण आहे. ते गर्भात आल्यापासून कुळाची धनधान्य-समृद्धी वाढू लागली, म्हणून माता-पित्यांनी ‘वर्धमान’ हे नाव ठेवले. ‘महावीर’ हे नाव त्यांना जन्माने लाभलेले नाही; भय आणि उपसर्ग अविचल राहून सहन केल्याने ते लाभले. एक नाव घराने दिले, दुसरे जीवनाने. आज साऱ्या जगाला परिचित आहे ते दुसरे.

बारशाच्या दिवशी आत्या पाळण्याशी वाकून बाळाच्या कानात ‘जिनांशी’ म्हणते, तेव्हा ती फक्त नामनिक्षेप करीत असते. द्रव्यरूपाने ती योग्यता पाळण्यातल्या त्या जीवात आहेच. भाव हळूहळू प्रकटेल. शाळेतून परतताना ती वाटेवरच्या मुंगीवर पाय पडू नये म्हणून थबकेल. बहिणीशी भांडून झाल्यावर संवत्सरीच्या संध्याकाळी आधी तीच ‘मिच्छामि दुक्कडम्’ म्हणेल. उद्या पेढीच्या गादीवर बसून फायद्याचा पण खोटा सौदा ती शांतपणे नाकारेल. अशा प्रत्येक क्षणी तिने स्वतःवर मिळवलेला विजय छोटा असेल, अंशाचाच असेल. पण त्या क्षणापुरती ती नावाने नव्हे, भावाने जिनांशी असेल.

नाव देणे घराच्या हाती आहे. ते खरे करणे तिच्या हाती, आणि ते खरे करावेसे वाटेल असे वातावरण देणे पुन्हा घराच्याच हाती आहे.